बेगम बाजारातील परदेशी चॉकलेट : कर, स्टिकर आणि कोकोचा हिशेब

हैदराबाद : नांदेड, देगलूर, उदगीरकडून आलेली एसटी एमजीबीएसवर थांबली, की रिकाम्या पिशव्या घेऊन उतरणाऱ्यांपैकी बरेच जण अफझलगंजच्या वाटेने थेट बेगम बाजार गाठतात. काजू, बदाम, खारीक, पूजेचे सामान, स्टीलची भांडी ही यादी जुनीच. गेल्या काही वर्षांत तिच्यात एक ओळ वाढली आहे, ती म्हणजे परदेशी चॉकलेट. दिवाळीचा गिफ्ट बॉक्स, बारशाचे रिटर्न गिफ्ट, रुखवतातले ताट, सगळीकडे सोनेरी कागदातली गोल चॉकलेटे लागतात. सीमाभागातले छोटे दुकानदार ती इथून पेटीने नेतात आणि गावात नगावर विकतात.

२२ सप्टेंबर २०२५ पासून चॉकलेटवरचा जीएसटी १८ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आला. साखरेच्या गोळ्या, टॉफी, जेलीही ५ टक्क्यांत आल्या. त्यानंतर गिऱ्हाईक एकच प्रश्न विचारू लागले : कर एवढा उतरला, मग परदेशी डबा अजून महाग कसा? उत्तर कागदावर सोपे आहे. जीएसटी उतरला, सीमाशुल्क उतरले नाही.

समजा, बंदरावर उतरलेल्या चॉकलेटची विमा-भाड्यासह किंमत १०० रुपये आहे. त्यावर मूळ सीमाशुल्क ३० टक्के, म्हणजे ३० रुपये. त्या ३० रुपयांवर १० टक्के समाजकल्याण अधिभार, म्हणजे आणखी ३. झाले १३३. आता या १३३ वर आयजीएसटी लागतो. पूर्वी १८ टक्क्यांनी तो २३ रुपये ९४ पैसे होत असे आणि माल १५६ रुपये ९४ पैशांना सुटत असे. आता ५ टक्क्यांनी ६ रुपये ६५ पैसे होतात आणि तोच माल १३९ रुपये ६५ पैशांना सुटतो.

फरक १७ रुपयांचा दिसतो, पण तो सगळा नफा नव्हे. आयात करणारा नोंदणीकृत व्यापारी बंदरावर भरलेला आयजीएसटी पुढच्या विक्रीच्या करातून वजा करून घेतो. त्यामुळे त्याच्या खिशातून तो खरा जात नाहीच. अडकते ते खेळते भांडवल. जीएसटीच्या कपातीने भांडवल कमी अडकते, हा त्याचा फायदा. सीमाशुल्काचे ३३ रुपये मात्र वजा होत नाहीत, ते मालाच्या किमतीतच मुरतात. शेवटच्या गिऱ्हाइकाच्या बाजूने पाहिले तर करासह ११८ रुपयांना मिळणारी वस्तू १०५ ला यायला हवी, म्हणजे साधारण ११ टक्के स्वस्ताई. पण ती देशी चॉकलेटलाही तेवढीच मिळाली. दोघांतले अंतर होते तिथेच राहिले.

(जुन्या लोकांना यात गंमत वाटेल. निजामाच्या राज्यात स्वतःचे जकात खाते होते, करोडगिरी. ईस्ट इंडिया कंपनीबरोबरच्या १८०२ च्या व्यापारी तहाने त्या जकातीला ५ टक्क्यांची मर्यादा घातली होती. मुंबईहून संस्थानात येणाऱ्या बिस्किटाच्या डब्यालाही करोडगिरीचा नाका चुकत नसे.)

सीमेवरच्या दुकानदारासाठी जीएसटीत आणखी एक मेख आहे. माल विकणाऱ्याला नोंदणी सक्तीची होण्याची उलाढाल महाराष्ट्रात आणि कर्नाटकात वर्षाला ४० लाख रुपये आहे, तेलंगणाने मात्र ती २० लाखांवरच ठेवली. त्यामुळे धर्माबादचा आणि बासरचा, दोन्ही दुकानदार सारखाच धंदा करत असले तरी एकाला नोंदणी लागते, दुसऱ्याला नाही. नोंदणी नसलेल्याला खरेदीवरचा कर वजा करता येत नाही. तेव्हा दर उतरल्याचा खरा आराम या बिननोंदणीच्या दुकानदाराला जास्त. आणि ५० हजारांवरचा माल राज्याची हद्द ओलांडणार असेल तर ई-वे बिल लागतेच. सणाच्या तोंडावर टेम्पो अडतात ते बहुतेक याच कागदापायी.

माल येतो कुठून?

हैदराबादला समुद्र नाही. परदेशी चॉकलेट न्हावाशेवा किंवा चेन्नईच्या बंदरावर थंड कंटेनरमधून उतरते आणि ट्रकने इथे येते. महागडा, थोडा माल विमानाने शमशाबादला. ही झाली सरळ वाट. या वाटेने आलेल्या मालाला अन्नसुरक्षा प्राधिकरणाची, म्हणजे एफएसएसएआयची तपासणी असते. नियम असा, की बंदरावर सुटताना मालाचे ६० टक्के आयुष्य शिल्लक हवे किंवा मुदत संपायला तीन महिने तरी हवेत. यातले जे कमी असेल ते. म्हणजे मुदतीच्या काठावरचा मालही कायदेशीर मार्गाने देशात येऊ शकतो. युरोपात सणानंतर उरलेला साठा स्वस्तात उचलून इकडे आणणाऱ्यांचे गणित याच फटीवर चालते. बंदरातून होलसेलर, होलसेलरकडून गावचे दुकान, एवढ्यात दोन महिने सहज निघून जातात. देगलूरच्या दुकानात डबा पोचेपर्यंत हातात तीन-चार आठवडे उरले, तर नुकसान कोणाचे हे सांगायला नको. होलसेलर परत घेत नाही.

दुसरी वाट सुटकेसची. हैदराबाद, निजामाबाद, करीमनगर या पट्ट्यातून आखाती देशांत कामाला गेलेली माणसे घरी येताना चॉकलेट आणतात. नांदेड-परभणीकडेही अशी घरे आहेत. दुबई, शारजा, दम्मामहून येणाऱ्या बॅगेत खजूर, अत्तर, दूध पावडर आणि चॉकलेटच्या पिशव्या ठरलेल्या. २०१६ च्या बॅगेज नियमांनी अशा भेटवस्तूंना ५० हजार रुपयांपर्यंत करमाफी दिली होती. घरच्यांसाठी आणलेल्या पिशवीत काही वावगे नाही. पण तीच पिशवी दुकानात विकायला ठेवली, की ती आयात ठरते, आणि तिच्यामागे कसलाच कागद नसतो.

हैदराबादची चव या सुटकेसने घडवली, असे म्हटले तरी चालेल. शेल्फवर काय खपणार हे दुकानदाराच्या आधी आखातातून आलेल्या पाहुण्याने ठरवलेले असते. ताजे उदाहरण पिस्ता-कुनाफा चॉकलेटचे. दुबईच्या फिक्स या छोट्या कंपनीने २०२१ मध्ये काढलेला हा बार २०२३ च्या अखेरीस मोबाइलवरच्या व्हिडिओतून जगभर पसरला. मूळ बार दुबईबाहेर सहसा मिळत नव्हता. झाले काय, तर आधी सुटकेसमधून आणि मग थेट हैदराबादच्या बेकऱ्यांतून ‘दुबई चॉकलेट’ विकले जाऊ लागले. कुनाफ्याच्या शेवया या शहराला अनोळखी नव्हत्या. शेवयांचे शीरखुर्मे इथे पिढ्यान्‌पिढ्या होतात. पण या बारने २०२५ मध्ये जगात पिस्त्याची टंचाई आणली आणि त्याची झळ मिठाईवाल्यांपर्यंत आली. एका चॉकलेटने दुसऱ्याच मालाचे भाव वाढवावेत, असे क्वचित होते.

तिसरी वाट आडवाट. बिनस्टिकरचा माल.

स्टिकर का बघायचा?

परदेशी पाकिटावर भारतात विकण्यासाठी काही गोष्टी लागतातच : आयात करणाऱ्याचे नाव-पत्ता, एफएसएसएआयचा परवाना क्रमांक, शाकाहारी-मांसाहारी चिन्ह, मूळ देश आणि रुपयांत एमआरपी. मूळ छपाईत हे नसेल तर यातल्या बऱ्याचशा गोष्टी बंदरावर स्टिकर लावून पूर्ण करता येतात. म्हणून कायदेशीर डब्यावर पाठीमागे पांढरा स्टिकर दिसतो. तो नसेल, छपाई फक्त अरबी, तुर्की किंवा चिनी असेल आणि किंमत पेनने लिहिलेली असेल, तर तो माल कोणत्या वाटेने आला हे विचारायची गरज नाही.

जेली आणि मऊ गोळ्यांत चिन्हाचे महत्त्व जास्त. त्यांतल्या अनेकांत जिलेटिन असते आणि ते जनावरांच्या हाडा-कातड्यापासून बनते. हिरवा ठिपका म्हणजे शाकाहारी, तपकिरी त्रिकोण म्हणजे मांसाहारी. स्टिकरच नसेल तर गिऱ्हाइकाला कळणार कसे? एकादशीला मुलाच्या हातात काय दिले, हे घरच्यांना माहीत असायला हवे. हलाल पाहणाऱ्या घरालाही तेच लागू.

चीनच्या मालाची गोष्ट निराळी. २००८ मध्ये तिथे दुधात मेलामाइन मिसळल्याचे उघड झाले, लहान मुले दगावली. त्या सप्टेंबरमध्ये भारताने चीनमधून येणारे दूध, दुधाचे पदार्थ, आणि दूध किंवा दुधाची भुकटी असलेली चॉकलेटे, गोळ्या यांच्यावर बंदी घातली. ती वेळोवेळी वाढत गेली. २०१९ मध्ये तर बंदरांवरच्या प्रयोगशाळा मेलामाइन तपासण्याइतक्या सज्ज होईपर्यंत ती कायम राहील, असे ठरले. तरीही खेळण्यांच्या डब्यात, अंड्याच्या आकारात, दुधाळ चवीची चिनी गोळी किरकोळ बाजारात अधूनमधून दिसते. दहा-वीस रुपयांची वस्तू म्हणून तिच्याकडे कोणी लक्ष देत नाही, आणि ती घेणारे गिऱ्हाईक बहुतेक वेळा शाळकरी असते.

अडकतो कोण? २००६ च्या अन्नसुरक्षा कायद्याचे कलम २७ विक्रेत्याला थेट जबाबदार धरते. मुदत संपलेला माल विकला, चुकीच्या किंवा अपुऱ्या लेबलचा माल विकला, किंवा माल कोणाकडून घेतला हे सांगता आले नाही, तर जबाबदारी दुकानदाराची. लेबलच्या गुन्ह्याला दंड तीन लाख रुपयांपर्यंत होऊ शकतो. बेगम बाजारातून कच्च्या चिठ्ठीवर दोन पेट्या उचलून नेणारा दुकानदार दंडाच्या वेळी एकटा असतो. पक्के बिल मागितले की भाव थोडा वाढतो हे खरे, पण ते बिलच त्याला मागच्या विक्रेत्याकडे बोट दाखवू देते. हा वाढीव भाव विम्याच्या हप्त्यासारखा समजावा.

ऊन

कागद चोख असले तरी ऊन कोणाला सोडत नाही. चॉकलेटमधले कोको बटर साधारण ३० ते ३४ अंशांच्या दरम्यान वितळते. तोंडात विरघळण्याची सगळी मजा त्यातच आहे. पण नांदेड, आदिलाबाद, निजामाबादकडे मे महिन्यात पारा ४२-४५ पर्यंत जातो. कंटेनर १५-१८ अंशांवर आला, होलसेलरने एसी लावला आणि शेवटचे पावणेतीनशे किलोमीटर माल एसटीच्या टपावर गेला, तर आधीचा सगळा खर्च वाया. वितळून पुन्हा घट्ट झालेल्या चॉकलेटवर पांढरट थर येतो. गिऱ्हाइकाला ती बुरशी वाटते. ती बुरशी नसते, कोको बटर वर येऊन बसलेले असते. खाल्ल्याने अपाय होत नाही, पण चव आणि कुरकुरीतपणा गेलेला असतो. फ्रीजमध्ये उघडे ठेवून बाहेर काढले तर ओल धरून साखर वर येते, तोही पांढरा थरच. म्हणून जाणते दुकानदार मार्च ते जून परदेशी चॉकलेट भरतच नाहीत, किंवा थर्माकोलच्या पेटीत, रात्रीच्या गाडीने मागवतात. उन्हाळ्यात खपतात त्या गोळ्या.

आणि गोळ्यांच्या बाजारात परदेशी माल फारसा टिकत नाही. रुपयाच्या नाण्याला मिळणारी गोळी हे या बाजाराचे कुंपण आहे. त्या किमतीत सीमाशुल्क, भाडे, स्टिकर हे सगळे बसवणे अवघड. इथे राज्य देशी गोळीचेच. चित्तूरची न्यूट्रिन, तिचे महा लॅक्टो तेलुगू आणि मराठी दोन्ही मुलुखांत खाल्ले गेले. २००६ मध्ये ती कंपनी गोदरेजने घेतली आणि पुढे अमेरिकेच्या हर्शीकडे गेली. मालेगाव तालुक्यातल्या रावळगावची पान पसंद आणि मँगो मूड माहीत नसलेला मराठी माणूस विरळा. वालचंद हिराचंद यांच्या त्या कारखान्याने आपले गोळ्यांचे ब्रँड फेब्रुवारी २०२४ मध्ये रिलायन्सच्या कंपनीला २७ कोटी रुपयांना विकले. इतक्या जुन्या नावांची ही किंमत अनेकांना चटका लावून गेली.

परदेशी नाव, देशी कारखाना

आयातीच्या बाजारातली मोठी चाल डोळ्यांना चटकन दिसत नाही. एखादा ब्रँड आधी डब्यातून येतो, गिऱ्हाईक जमवतो आणि खप वाढला की इथेच कारखाना टाकतो. कॅडबरीने १९४८ मध्ये हेच केले. सुरुवात चॉकलेट आयात करून. पुढे ठाणे, मग मावळातले इंदुरी. आता तिची मालक मोंडेलीझ कंपनी आंध्रातल्या श्रीसिटीत मोठा कारखाना चालवते. इटलीच्या फेरेरोने बारामतीत उत्पादन सुरू केले, अमेरिकेच्या मार्सने पुण्याजवळ खेडला. बेकऱ्यांना आणि कारखान्यांना चॉकलेट पुरवणाऱ्या बॅरी कॅलेबॉचाही कारखाना २०२० मध्ये बारामतीतच सुरू झाला. म्हणजे ‘इम्पोर्टेड’ म्हणून मुलांच्या हातात दिलेली वस्तू पुष्कळदा पुणे जिल्ह्यातून आलेली असते. ३३ टक्क्यांच्या भिंतीचा हा परिणाम : डबा बाहेर राहिला, यंत्रे आत आली.

पण यंत्रांना कोको लागतो, आणि तो देशात पुरेसा नाही. भारतात वर्षाला कोकोच्या बिया साधारण २७ हजार टनांच्या आसपास निघतात. कारखान्यांची गरज लाखभर टनांच्या घरात सांगितली जाते. उरलेला कोको बिया, भुकटी, बटर अशा रूपांत बाहेरून येतो. चॉकलेटच्या आयातीबद्दल बोलताना नजर सोनेरी डब्यावर जाते, पण खरी आयात देशी वेष्टनाच्या आत बसलेली आहे. पाच रुपयांच्या साध्या चॉकलेटमध्येही पश्चिम आफ्रिकेचा अंश असू शकतो.

म्हणून तिथे पाऊस चुकला की इथे पाकीट लहान होते. जगातला निम्म्याहून अधिक कोको आयव्हरी कोस्ट आणि घाना हे दोनच देश पिकवतात. २०२३ च्या सुरुवातीला न्यूयॉर्कच्या वायदे बाजारात कोको टनाला अडीच हजार डॉलरच्या आसपास होता. खराब हवामान, झाडांवरचा रोग आणि जुन्या बागा यांमुळे पीक पडले आणि डिसेंबर २०२४ मध्ये भाव १२ हजार डॉलरच्या वर गेला. २०२५ संपेपर्यंत तो त्याच्या निम्म्यावर आला. या चढउतारात अनेक पाकिटांची किंमत तीच राहिली, ग्रॅम घटले.

या भावाचा फटका हैदराबादेपासून लांब नाही. देशातल्या कोकोपैकी सुमारे ४० टक्के एकट्या आंध्र प्रदेशात होतो, आणि त्यातला मोठा भाग विजयवाड्याच्या पुढे एलुरू, पश्चिम गोदावरीच्या पट्ट्यात, नारळ आणि पामतेलाच्या बागांच्या सावलीत. आपली गोदावरी नांदेडवरून, बासरवरून जाते ती शेवटी या बागांना पाणी देते. २०२४ च्या हंगामात तिथल्या शेतकऱ्याला सुक्या बियांचा भाव किलोला हजाराच्या घरात मिळाला. पुढच्या हंगामात तो जवळपास निम्म्यावर आला. त्याच महिन्यांत जागतिक भाव टनाला आठ हजार डॉलरच्या आसपास होता, म्हणजे रुपयांत किलोला पावणेसातशे-सातशे. शेतकरी रस्त्यावर उतरले. आयात रोखा, अशीही मागणी झाली. शेवटी कंपन्यांनी ४५० द्यायचे, सरकारने ५० घालायचे आणि शेतकऱ्याच्या हाती ५०० पडायचे, असा तोडगा निघाला.

बियांवरही सीमाशुल्क ३० टक्केच आहे. मग ती भिंत शेतकऱ्याच्या कामी का आली नाही? कारण खरेदी करणारे मोजके आहेत आणि विकणारे हजारो. भाव चढलेला असताना भरलेला साठा कारखान्याकडे असतो. शेतकऱ्याला मात्र पावसाळ्याआधी बिया घरात ठेवून चालत नाही, बुरशी धरते. केरळ आणि दक्षिण कर्नाटकाने हे १९८० च्या सुमारास भोगले आहे. तेव्हा भाव कोसळून खरेदी थांबली, लोकांनी झाडे तोडली. त्यावेळी १९७३ मध्ये सुपारीसाठी स्थापन झालेली मंगळूरची कॅम्पको ही सहकारी संस्था कोको खरेदीत उतरली आणि १९८६ मध्ये तिने पुत्तूरला स्वतःचा चॉकलेट कारखाना काढला. साखर कारखाने उभे करणाऱ्या महाराष्ट्राला ही वाट समजावून सांगायला नको. गोदावरीकाठी तशी संस्था उभी राहिलेली नाही.

एक वेगळा प्रयत्न हैदराबादेत दिसतो. बंजारा हिल्सवर २०२३ मध्ये सुरू झालेले मनम चॉकलेट पश्चिम गोदावरीच्याच बिया आंबवून, भाजून चॉकलेट बनवते. ‘टाइम’ नियतकालिकाच्या २०२४ च्या जगातल्या उत्तम ठिकाणांच्या यादीत त्याचे नाव आले. भाव मात्र परदेशी डब्याच्या तोडीचा. खप वाढला तरी लाखभर टनांच्या गरजेपुढे हा घास लहानच.

आता भिंतीलाच दार पडते आहे. स्वित्झर्लंड, नॉर्वे, आइसलँड आणि लिश्टेनस्टाइन या देशांच्या गटाशी मार्च २०२४ मध्ये झालेला करार १ ऑक्टोबर २०२५ पासून लागू झाला, आणि त्यात स्विस चॉकलेटवरचे सीमाशुल्क टप्प्याटप्प्याने उतरायचे आहे. जुलै २०२५ मध्ये सही झालेल्या ब्रिटनच्या करारातही चॉकलेट आहे. बेगम बाजारातल्या भावात हे हळूहळू उतरेल. वरच्या हिशेबात ३० च्या जागी २० टक्के घातले, तर १०० रुपयांचा माल १२८ रुपये १० पैशांना सुटतो. शुल्क शून्य झाले तर १०५ ला.

पण सवलत ब्रँडच्या नावाला नाही, माल जिथे बनला त्या देशाला आहे. टोब्लेरोन हे त्रिकोणी चॉकलेट स्विस म्हणून ओळखले जाते. त्याच्या उत्पादनाचा काही भाग स्लोव्हाकियात हलवायचे ठरले आणि स्विस कायद्यामुळे २०२३ मध्ये पाकिटावरचे मॅटरहॉर्न पर्वताचे चित्र काढावे लागले. स्लोव्हाकिया युरोपीय संघात येतो. त्या संघाशी बोलणी पूर्ण झाल्याची घोषणा जानेवारी २०२६ मध्ये झाली, पण तो करार अंमलात येईपर्यंत तिथल्या डब्याला जुनाच ३३ टक्क्यांचा भार आहे. तेव्हा ‘स्विस आहे, कर उतरलाय’ असे सांगून पेटी पुढे केली, तर सीमाभागातल्या दुकानदाराने आधी पाठीमागचा स्टिकर वाचावा. मूळ देश तिथे लिहिलेला असतो, त्याच्याच खाली आयातीचा महिना.